न्यायमूर्ती काशिनाथ त्र्यंबक तेलंग

संतांची चरित्रे आम्ही नेहमीच सांगतो. आज जे सांगावयाचे योजिले आहे ते संतचरित्र नव्हे. हे एका प्रापंचिक गृहस्थाचे, फी घेऊन दुसऱ्याचे भांडण भांडणाऱ्या वकिलाचे व पुढे न्यायासनावर बसलेल्या पुरुषाचे चरित्र आहे. तथापि ज्या गीतेवर माउलींनी आपणासाठी ज्ञानेश्वरी केली, तीच गीता या गृहस्थांनी साहेबांच्या भाषेत नेली; आणि आपल्या घराघरांतल्या वाटण्या, दत्तकविधाने, वारसा ज्या ग्रंथांवरून ठरत असत, ते ग्रंथ मूळ संस्कृतातून वाचून त्यांनी निवाडे लिहिले. एवढ्या दोन गोष्टींसाठी तरी वारकरी मंडळींनी त्यांची ओळख करून घ्यावी.

काशिनाथपंतांचा जन्म मुंबईस ३० ऑगस्ट १८५० रोजी गौड सारस्वत ब्राह्मण कुळात झाला. जन्मदाते वडील बापू रामचंद्र. चुलते त्र्यंबक रामचंद्र यांनी त्यांस दत्तक घेतले, म्हणून ते काशिनाथ त्र्यंबक. आता योग पाहा, दत्तकाचे तंटे हे त्या काळच्या हायकोर्टाचे नित्याचे काम. त्या तंट्यांत एकदा वकील म्हणून व एकदा न्यायाधीश म्हणून ज्याने लक्ष घालावयाचे, तो स्वतःच दत्तक गेलेला! अमरचंदवाडीतल्या मराठी शाळेत आरंभ, मग एल्फिन्स्टन हायस्कूल, मग एल्फिन्स्टन कॉलेज, असे शिक्षण झाले. संस्कृतात बुद्धी विशेष चाले. एम. ए. झाले, कायद्याची पदवी घेतली, आणि १८७२ साली हायकोर्टाची ॲडव्होकेटची परीक्षा उतरून त्यांनी वकिली सुरू केली. वय अवघे बावीस.

ही ॲडव्होकेटची परीक्षा म्हणजे काय प्रकरण होते ते सांगितले पाहिजे. मुंबईचे हायकोर्ट १८६२ साली स्थापन झाले. त्याच्या दोन शाखा. एक अपिलाची, तिथे जिल्ह्यांतून आलेली प्रकरणे चालत. दुसरी मूळ दाव्यांची, तिथे मुंबई शहरातले मोठमोठे दावे. या दुसऱ्या शाखेत अशिलाने थेट वकिलाकडे जावयाचे नाही. अशील सॉलिसिटरकडे जाणार, सॉलिसिटर कागदपत्र जुळवून ब्रीफ तयार करणार, आणि उभे राहून बोलणार तो बॅरिस्टर. बॅरिस्टर व्हावयाचे तर विलायतेस जावे लागे. बद्रुद्दीन तय्यबजी गेले, फिरोजशहा मेहता गेले. जो विलायतेस न जाता त्या पंक्तीत बसू इच्छी, त्याला ही ॲडव्होकेटची परीक्षा, आणि ती फार कठीण. रानडे ती १८७१ साली उतरले व दुसऱ्या वर्षी तेलंग. समुद्र न ओलांडता, मुंबईतच शिकून, साहेब बॅरिस्टरांच्या बरोबरीने त्यांनी उभे राहावयाचे होते. त्यात सॉलिसिटर लोकांचा विश्वास बसेपर्यंत ब्रीफ मिळत नाही, आणि ब्रीफ मिळाल्याखेरीज विश्वास बसत नाही. सगळ्या नव्या वकिलांची हीच गत.

परंतु काशिनाथपंतांपाशी एक वस्तू अशी होती की जी विलायतेत विकत मिळत नव्हती. ती संस्कृत.

याचे कारण थोडे मागे जाऊन सांगतो. कंपनी सरकारच्या वेळेपासून इंग्रजी कोर्टांत हिंदूंचा वारसाहक्काचा तंटा निघाला की न्यायाधीश साहेब कोर्टाच्या शास्त्र्यांस प्रश्न लिहून पाठवीत. शास्त्रीबुवा पोथी पाहून व्यवस्था लिहून देत, आणि त्यावरून साहेब निकाल सांगत. मुंबई इलाख्यातल्या शास्त्र्यांची ही उत्तरे पुढे वेस्ट व ब्यूलर या दोन विद्वानांनी गोळा करून छापली. १८६४ साली सरकारने कायदा करून कोर्टातले हे शास्त्रीपद काढून टाकले. त्यापुढे हिंदू धर्मशास्त्र न्यायाधीशाला आपोआप ठाऊक आहे असे मानण्यात येऊ लागले! वास्तविक ठाऊक होती ती इंग्रजी भाषांतरे. मूळ मिताक्षरेत काय आहे, मयूखात काय आहे, एखाद्या शब्दाचा अन्वय कुठे लावावयाचा, हे विचारावे कोणाला? पाठशाळेत ज्यांनी या पोथ्या घोकल्या आहेत त्यांना ठाऊक असते की एका विभक्तीने वाटणी फिरते. अशा कोर्टात मिताक्षरा मुळातून वाचणारा आणि तिचा अर्थ स्वच्छ इंग्रजीत, आरडाओरड न करता मांडणारा वकील उभा राहिला, तेव्हा त्याचे चालणारच. काही वर्षांतच हिंदू कायद्याच्या प्रकरणांत तेलंगांचे नाव वजनदार झाले. त्यांचे बोलणे नेटके, निर्मळ, शब्दांची आतषबाजी नसलेले, अशी त्यांची ख्याती होती.

वकिली करता करताच त्यांनी संस्कृतात जे काम केले ते पाहून मन थक्क होते. १८७३ साली वेबर नावाच्या जर्मन पंडिताच्या मतावर त्यांनी निबंध लिहिला. रामायण हे ग्रीकांच्या होमरवरून उचलले, असे वेबर म्हणे. तेलंगांनी ते पुरावा पुराव्याला लावून खोडून काढले. १८७४ साली भर्तृहरीची नीति व वैराग्य ही दोन शतके संपादिली. १८८४ साली विशाखदत्ताचे मुद्राराक्षस. शंकराचार्यांच्या काळाविषयीही त्यांनी लिहिले. पण आपल्या दृष्टीने मुख्य काम गीतेचे. १८७५ साली त्यांनी गीतेचे इंग्रजी पद्यात भाषांतर केले. त्या सुमारास लॉरिन्सर नावाच्या दुसऱ्या एका जर्मनाने असे प्रतिपादिले होते की गीतेतला भक्तिमार्ग ख्रिस्ती लोकांच्या नव्या करारातून आला. आता या बोलण्यावर एखादा रागावला असता, एखाद्याने शिव्या दिल्या असत्या. तेलंगांनी हा जणू कोर्टातला दावाच मानला. प्रतिपक्षाने दाखविलेले एकेक साम्य घेतले, ते खरोखर साम्य आहे काय हे तपासले, गीतेची भाषा कोणत्या काळची, वृत्त कसे, इतर कोणत्या ग्रंथांत तिचा आधार सापडतो हे मांडले, आणि गीता इसवी सनापूर्वीच्या तिसऱ्या शतकाच्याही अलीकडे आणता येत नाही असे प्रतिपादन केले. काळाविषयी पुढल्या विद्वानांत मतभेद पुष्कळ झाले, आजही आहेत; पण गीतेतली भक्ती उसनी आणलेली आहे हे म्हणणे त्यानंतर टिकले नाही.

पुढे मॅक्समुल्लर यांच्या पौर्वात्य धर्मग्रंथांच्या मालेत आठवा खंड त्यांच्याकडे आला. तो १८८२ साली निघाला. त्यात गीता गद्यात आहे, आणि तिच्या जोडीला उद्योगपर्वातले सनत्सुजातीय व आश्वमेधिक पर्वातली अनुगीता. अनुगीतेची कथा कीर्तनात सांगितली की मंडळी हसतात. युद्ध संपले, सगळे स्थिरस्थावर झाले, आणि अर्जुन देवाला म्हणतो की तू त्या वेळी जे सांगितलेस ते मी विसरलो, पुन्हा सांग. देव रागावतात, म्हणतात की ते तसेच्या तसे आता माझ्यानेही सांगवणार नाही. मग दुसऱ्या कथांच्या द्वारे समजावतात. वकिलीच्या रगाड्यात बसून, पुष्कळांना नावानेही ठाऊक नसलेला हा भाग तेलंगांनी इंग्रजीत नेला, हे त्यांचे पाठांतर किती खोल होते ते दाखविते.

सार्वजनिक कामांची यादी करीत बसलो तर अंक पुरणार नाही. १८८२ च्या शिक्षण कमिशनवर ते सभासद होते. १८८४ पासून मुंबईच्या कायदेमंडळात. १८८५ साली मेहता, तय्यबजी व तेलंग या त्रयीने बाँबे प्रेसिडेन्सी असोसिएशन काढली. त्याच वर्षी काँग्रेसची पहिली सभा पुण्यास भरावयाची होती, पण तिथे पटकीची साथ आली म्हणून ती मुंबईस गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत २८ डिसेंबर रोजी भरली. त्या सभेच्या व्यवस्थेत तेलंग पुढे होते. १८८८ साली अलाहाबादच्या सभेतही ते बोलले.

याच वर्षांतले एक प्रकरण मात्र थांबून सांगितले पाहिजे, कारण पुढच्या गोष्टीशी त्याचे नाते आहे. रखमाबाई नावाच्या मुलीचे लग्न अकराव्या वर्षी झाले होते. मोठी झाल्यावर ती सासरी जाईना. नवऱ्याने १८८४ साली हायकोर्टात दावा लावला. १८८५ साली न्यायमूर्ती पिन्ही यांनी तो काढून टाकला. अपिलात तो निकाल फिरला, प्रकरण पुन्हा सुनावणीस आले, आणि मार्च १८८७ मध्ये हुकूम झाला की नवऱ्याकडे जा, नाही तर सहा महिने कैद. या खटल्यात रखमाबाईच्या बाजूने उभ्या राहिलेल्या वकिलांत तेलंग होते. सारा महाराष्ट्र त्या वेळी दुभंगला होता. जाणत्या वयाचा होकार नसताना बांधलेली गाठ कोर्टाने बळाने ओढावी काय, हा त्यातला प्रश्न. १८८८ साली पैशावर तडजोड झाली, रखमाबाई पुढे विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या.

१८८९ साली न्यायमूर्ती नानाभाई हरिदास वारले, आणि त्यांच्या जागी तेलंगांस नेमण्यात आले. हायकोर्टाचे न्यायाधीश कोणी व्हावयाचे याचे नियम १८६१ च्या कायद्यात होते. निदान एक तृतीयांश बॅरिस्टर, एक तृतीयांश सरकारी सिव्हिलियन, आणि उरलेल्या जागांत दहा वर्षे काम केलेले वकील किंवा खालच्या कोर्टातले न्यायाधीश. म्हणजे हिंदी माणसाला दार अगदी अरुंद. त्या दारातून सतरा वर्षे वकिली केलेले तेलंग अडतिसाव्या वर्षी आत गेले.

आत गेले म्हणजे बाहेरचे पुष्कळ सुटले. वकिलाने एका बाजूचे बोलावे, लोकांच्या सभेत उभे राहावे, सरकारवर टीका करावी. न्यायाधीशाला ती मुभा नाही. त्याच १८८९ च्या डिसेंबरात काँग्रेस पुन्हा मुंबईस भरली. ज्या गावी त्यांनी पहिली सभा घडवून आणली त्याच गावी आता त्या व्यासपीठावरून बोलणे त्यांच्या पदाला शोभणारे नव्हते. त्यांच्या मित्रांस हे लागले असले पाहिजे. आम्हास मात्र वाटते की त्यांच्या विद्येचे खरे ठिकाण तेच आसन होते. सभेत बोलणारे पुष्कळ मिळाले असते.

त्यांचा एक निवाडा इथे सांगतो, तो १८९२ च्या निवाडासंग्रहात छापला आहे. प्रकरण असे. बाप आपल्या भावांबरोबर एकत्र कुटुंबात राहतो आहे, विभक्त झालेला नाही. त्याचा मुलगा म्हणतो, मला वडिलार्जित इस्टेटीतला माझा हिस्सा तोडून द्या. बाप नको म्हणतो. मुलाला दावा लावता येतो काय? प्रश्न नाजूक म्हणून पूर्णपीठापुढे गेला. बहुमताने ठरले की बाप स्वतः भावांपासून वेगळा झालेला नसता त्याच्या इच्छेविरुद्ध मुलाला वाटणी मागता येत नाही. तेलंगांचे मत निराळे पडले.

त्यांनी मिताक्षरा उघडली. विज्ञानेश्वरांनी चालुक्यांच्या कल्याणीत बसून याज्ञवल्क्यस्मृतीवर ही टीका लिहिली, आणि तिचा मुख्य सिद्धांतच असा आहे की वडिलार्जित मालमत्तेवर मुलाचे स्वामित्व जन्माबरोबर उत्पन्न होते. बापाने दिले म्हणून ते येत नाही. आजोबांच्या मिळकतीत बाप व मुलगा यांचे स्वामित्व सारखे. मग बाप भावांत राहतो की वेगळा राहतो यावर मुलाचा जन्मसिद्ध हक्क कसा अवलंबून राहील? असा त्यांचा युक्तिवाद. पूर्वी कोर्टात काय चालत आले, भाषांतरकारांनी काय लिहिले, हे सगळे त्यांनी पाहिले, पण निर्णय ग्रंथाच्या शब्दांवर ठेवला. संख्या विरुद्ध होती, म्हणून निकाल विरुद्ध गेला. मुंबईत बहुमताचाच नियम पुढे चालू राहिला; परंतु दुसऱ्या प्रांतांतल्या कोर्टांनी मुलाचा हक्क मान्य केला, म्हणजे तेलंगांच्या म्हणण्याकडे ते वळले. कायदा शिकणारांच्या पुस्तकांत त्यांचे हे विरोधी मत आदराने नोंदलेले असते.

मुंबई बेट व गुजरात इकडे मिताक्षरेपेक्षाही व्यवहारमयूखाला मान अधिक. त्याचे कर्ते नीलकंठभट्ट काशीचे. पण त्यांचे घराणे मूळचे कुठले म्हणाल? आपल्या पैठणचे! नाथांच्या गावचे पांडित्य काशीस गेले आणि तिथून ग्रंथरूपाने मुंबईच्या कोर्टात उतरले. विश्वनाथ नारायण मंडलिकांनी १८८० साली मयूखाची आवृत्ती व भाषांतर छापले होते, त्याचा उपयोग सगळेच करीत; तेलंगांना भाषांतरावर विसंबावे लागत नसे एवढेच.

आता अवघड गोष्ट. चरित्र सांगणाराने ती झाकू नये. १८९१ साली संमतिवयाचे बिल आले. मुलीचे वय बारा होईतो नवऱ्याचाही तिच्याशी संबंध गुन्हा ठरवावयाचा, असे ते बिल. शास्त्राच्या आड लपून याला विरोध करू नये अशा मताच्या मंडळींत तेलंग होते. रखमाबाईची बाजू त्यांनी घेतली होती. आणि याच तेलंगांनी आयुष्याच्या अखेरीस आपल्या स्वतःच्या मुलीचे लग्न लहान वयात लावून दिले. घरच्या वडीलधाऱ्यांचा आग्रह होता, तो त्यांना मोडवला नाही. सुधारक मंडळी फार चिडली, वर्तमानपत्रांतून टीका झाली.

काही जण म्हणतात, त्यांचे तत्त्वच असे होते. १८८६ साली सामाजिक सुधारणा आधी की राजकीय, या विषयावर त्यांनी व्याख्यान दिले होते. जिथे विरोध कमी तिथून पुढे सरकावे, जिथे समाज एकदम बिथरेल तिथे सबुरीने घ्यावे, असा त्याचा झोक. मराठीत सामाजिक विषयांतल्या तडजोडीवरही त्यांनी निबंध लिहिला आहे. पण हे उत्तर आम्हास पुरेसे वाटत नाही. देशाच्या कारभारात सबुरी निराळी आणि लेकीच्या आयुष्यात सबुरी निराळी. रानड्यांचेही पाहा. विधवाविवाहाचा पुरस्कार करणारे रानडे, १८७३ साली वडिलांच्या शब्दाखातर अकरा वर्षांच्या रमाबाईंशी लग्न करून बसले. पुढे रमाबाईंना त्यांनी शिकवून मोठे केले, हे खरे. पण लग्नाच्या दिवशी वडिलांपुढे मान खाली गेली ती गेलीच. पूर्णपीठातल्या बाकीच्या न्यायाधीशांपुढे जो माणूस एकटा उभा राहतो, त्याला ओटीवर बसलेल्या आपल्या वडील माणसांपुढे उभे राहता येत नाही. कोर्टात ग्रंथ उघडता येतो, दोन्ही पक्ष समोर असतात. घरात मुलीचा पक्ष मांडणारा वकील कोण होता? एकच माणूस तिची बाजू मांडू शकला असता, आणि तो गप्प राहिला. आम्ही हे रागाने लिहीत नाही. वारीला येणाऱ्या कितीतरी बापांनी असेच केलेले आम्ही पाहिले आहे, आणि तेही वाईट माणसे नव्हती. पण मोठ्या माणसाच्या बाबतीत ते अधिक सलते.

शेवटची वर्षे मानाची गेली. १८९२ साली ते मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू झाले; त्या पदावर बसलेले ते पहिले हिंदी गृहस्थ. मुंबईच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या शाखेचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. मराठ्यांच्या बखरी चाळून, त्या काळी लोकांचे आचारविचार कसे होते, जातिधर्माचे निर्बंध राज्यकर्ते किती पाळीत व किती सैल सोडीत, यावर त्यांनी एक मार्मिक निबंध लिहिला. जर्मन नाटककार लेसिंग याच्या एका नाटकाचे मराठी भाषांतरही त्यांच्या नावावर आहे. प्रकृती मात्र साथ देईना. १ सप्टेंबर १८९३ रोजी, त्रेचाळीस वर्षे पुरी होऊन दोनच दिवस झाले असता, ते निवर्तले. न्यायासनावर त्यांना चार वर्षे काय ती मिळाली.

त्यांच्या रिकाम्या जागी त्याच वर्षी रानड्यांची नेमणूक झाली. रानडे जानेवारी १९०१ मध्ये वारले, तेव्हा ती जागा नारायण गणेश चंदावरकरांकडे गेली. मरणापूर्वी, १९०० साली, रानड्यांचे मराठ्यांच्या सत्तेच्या उदयावरील इंग्रजी पुस्तक निघाले. त्यात एक प्रकरण ज्ञानोबा, नामदेव, एकनाथ, तुकोबा या आपल्या संतांवर आहे. आणि पुस्तकाच्या शेवटी परिशिष्ट म्हणून तेलंगांचा तो बखरींवरचा निबंध रानड्यांनी जोडला आहे.